रद्दीच्या भावात जीवशास्त्र

शैक्षणिक वर्ष संपत आले की महाविद्यालयीन ग्रंथालयांतून एक काम निमूटपणे पार पडते. कार्यालयीन भाषेत त्याला 'निर्लेखन' म्हणतात. जागा अपुरी असते, कपाटे भरलेली असतात, नवी पुस्तके यावयाची असतात. मग जुन्या पुस्तकांची यादी तयार होते, तीवर सह्या होतात, दाखल नोंदवहीत तांबड्या शाईची रेघ ओढली जाते आणि पुस्तके रद्दीवाल्याच्या तराजूत जाऊन पडतात. या यादीत विज्ञानाच्या पाठ्यपुस्तकांचा, आणि त्यातही जीवशास्त्राच्या पाठ्यपुस्तकांचा क्रम फार वर असतो. इतिहासाचा किंवा काव्याचा जुना ग्रंथ बाहेर काढताना हात थोडा तरी अडखळतो. प्राणिशास्त्राचे शंभर वर्षांपूर्वीचे पुस्तक काढताना तो अडखळत नाही. 'विज्ञान रोज बदलते, मग जुने पुस्तक ठेवून करावयाचे काय?' असा सवाल केला जातो आणि उत्तर उघडच आहे असे समजून विषय तेथेच संपतो. वस्तुतः तो तेथे संपू नये.

या सवालामागचे सत्य आधी मान्य केले पाहिजे. १९५३ साली डीएनएच्या रेणूची रचना उलगडली आणि जीवशास्त्राचे रूपच पालटले. १९६९ साली व्हिटेकर यांनी सजीवांची पाच सृष्टींत विभागणी मांडली. पुढे वूझ यांनी रेणूंच्या तुलनेवरून तीन अधिक्षेत्रांची मांडणी केली. ज्या बेडकाला विद्यार्थ्यांच्या अनेक पिढ्या 'राना टायग्रिना' म्हणत आल्या तो आता 'होप्लोबॅट्रॅकस टायगेरिनस' झाला आहे. अशा स्थितीत १९५० पूर्वीच्या पुस्तकावर विसंबून कोणी आनुवंशिकता शिकू लागला तर त्याची फसवणूकच होईल. तेव्हा जुने पुस्तक नव्याची जागा घेऊ शकते असे कोणीही शहाणा मनुष्य म्हणणार नाही. मुद्दा वेगळा आहे. नवे पाठ्यपुस्तक आज काय माहीत आहे ते सांगते. ते कसे माहीत झाले, कोणत्या निरीक्षणातून, किती चुका करून आणि किती शंका बाळगून, हे सांगावयास त्याच्यापाशी जागा नसते. विद्यापीठात येणाऱ्या विद्यार्थ्याला या दोन्ही गोष्टींची गरज आहे, कारण त्याने केवळ ज्ञानाचा ग्राहक होऊन भागणार नाही.

एक उदाहरण घ्यावे. विसाव्या शतकाच्या आरंभी भारतीय विद्यार्थी गांडुळाची शरीररचना इंग्रजी पुस्तकांवरून शिकत. त्या पुस्तकांतील गांडूळ होते युरोपातील 'लुम्ब्रिकस'. विद्यार्थ्याच्या समोरच्या मेणाच्या तबकात मात्र पावसाळ्यात इथल्या मातीतून निघालेले 'फेरेटिमा' असे. पुस्तक एक सांगे आणि तबक दुसरेच दाखवी. परीक्षेत अर्थातच पुस्तकाचे उत्तर लिहावे लागे. ही गुलामी नुसती राजकीय नव्हती. डोळ्यांनी दिसते ते नाकारून छापलेले खरे मानण्याची ती सवय होती. लखनौ विद्यापीठाचे प्राध्यापक करम नारायण बहल यांनी तबकावर विश्वास ठेवला. लुम्ब्रिकसमध्ये उत्सर्जनाच्या सूक्ष्म नलिका, म्हणजे वृक्कक, शरीराच्या बाहेर उघडतात. फेरेटिमात यांपैकी एक मोठा गट बाहेर न उघडता आतड्यात उघडतो, हे बहल यांनी १९१९ साली दाखवून दिले. उत्सर्गातील पाणी अशा रीतीने आतड्यात परत येते आणि उष्ण, कोरड्या ऋतूत त्या जीवाला ते उपयोगी पडते, असा अर्थ त्यांनी त्यातून काढला. पुढे १९२६ साली त्यांनी भारतीय प्राण्यांवरील पुस्तिकांची माला सुरू केली व तिचा पहिला भाग फेरेटिमावर लिहिला.

या मालेतील पुस्तकांची नावेच तिचा हेतू सांगतात. इव्हँजेलिन थिल्लयाम्पलम या प्राध्यापिकेने १९२८ साली स्कोलिओडॉन या इकडच्या समुद्रातील मुशीवर लिहिले. १९३७ साली एस. एस. पटवर्धन यांनी भारतीय नदीतील मोठ्या कोळंबीवर लिहिले. परदेशी पुस्तकाची नक्कल करून हे काम झाले नाही. प्राणी आणावा, उघडावा, पाहावा, चित्र काढावे, पुन्हा दुसरा प्राणी उघडून ते चित्र ताडून पाहावे, असे ते चालले होते. नंतरच्या अनेक भारतीय पाठ्यपुस्तकांनी ही वर्णने आणि आकृत्या उचलल्या. बाजारातील गाईडांनी त्या पाठ्यपुस्तकांतून उचलल्या. प्रत्येक नकलेबरोबर काही रेषा गळाल्या, काही नावे चुकली आणि निरीक्षण करणारा माणूस तर पार दिसेनासा झाला. आज गांडुळाचे नावही बदलून 'मेटाफायर' झाले आहे, परंतु त्याचे वृक्कक जेथे उघडत होते तेथेच उघडतात. नाव बदलल्याने वर्णन खोटे होत नाही.

याला आता आणखी एक कारण जोडले गेले आहे. २०१४ साली विद्यापीठ अनुदान आयोगाने प्राणिशास्त्राच्या अभ्यासक्रमातील प्राण्यांचे विच्छेदन बंद करण्याचे धोरण घेतले. दरवर्षी असंख्य बेडूक आणि इतर प्राणी केवळ प्रात्यक्षिकाच्या गुणांसाठी मारले जात होते. ते थांबणे योग्यच होते. पण त्याचा परिणाम असा की आजच्या विद्यार्थ्याला प्राण्याच्या शरीराची अंतर्रचना स्वतःच्या हातांनी पाहण्याची संधी उरलेली नाही. संगणकाच्या पडद्यावरील रंगीत चित्र त्याला मिळते. त्यात प्रत्येक अवयव स्वच्छ आणि वेगळा दिसतो. प्रत्यक्ष शरीरात तसे नसते. तेथे चरबी असते, पडदे असतात, एका प्राण्यात असते ते दुसऱ्यात थोडे निराळे असते. हा अनुभव ज्यांनी हजारो तास घेतला त्यांनी तो जुन्या पुस्तकांत लिहून ठेवला आहे. विच्छेदन चालू असताना या पुस्तकांचे महत्त्व जेवढे होते त्याहून ते आज अधिक आहे. जे प्राणी मारले गेले त्यांच्या मरणातून मिळालेले ज्ञानही फेकून द्यावयाचे असेल, तर ती हिंसा दुहेरी व्यर्थ ठरेल.

वनस्पतिशास्त्रात तर ही गोष्ट अधिकच स्पष्ट दिसते. पुण्याच्या कॉलेज ऑफ सायन्सचे प्राचार्य राहिलेले थिओडोर कुक यांनी मुंबई इलाख्यातील वनस्पतींवरचा आपला ग्रंथ १९०१ ते १९०८ या काळात प्रसिद्ध केला. काटेकोर अर्थाने तो पाठ्यपुस्तक नव्हे. परंतु महाराष्ट्रात वनस्पतिशास्त्राचा विद्यार्थी रानात जाऊन आला की ज्या ग्रंथाकडे वळतो तो हाच. भारतीय वनस्पती सर्वेक्षण संस्थेने १९५८ साली त्याचे पुनर्मुद्रण केले ते उगाच नव्हे. कुक यांनी प्रत्येक वनस्पतीबरोबर ती कोठे आढळली याची नोंद दिली आहे, आणि अनेक ठिकाणी स्थानिक नावही दिले आहे. सह्याद्रीतील कंदीलपुष्पांच्या अनेक जाती आज दुर्मिळ झाल्या आहेत. एखादी जात पूर्वी कोणत्या डोंगरावर होती आणि आज तेथे नाही, हे सांगावयाचे असेल तर 'पूर्वी' म्हणजे काय हे कोणी तरी नोंदवलेले असावे लागते. धरण, खाण, रस्ता किंवा बंगल्यांची वसाहत यांमुळे एखाद्या डोंगराचे काय झाले, या वादात जुनी नोंद हा पुरावा असतो. नव्या पुस्तकात हा पुरावा मिळणार नाही, कारण नवे पुस्तक लिहिले जाईपर्यंत डोंगर बदललेला असतो.

यातून एक भेद ध्यानात यावा. विज्ञानात स्पष्टीकरण लवकर जुने होते, वर्णन फार सावकाश जुने होते. पंचानन महेश्वरी यांचा आवृतबीजी वनस्पतींच्या भ्रूणविज्ञानावरील ग्रंथ १९५० साली न्यूयॉर्कमध्ये प्रसिद्ध झाला. भ्रूणकोश किती प्रकारांनी तयार होतो, फलन कसे होते, भ्रूणपोष कसा वाढतो याची जगभरच्या संशोधनातून जमवलेली छाननी त्यात आहे. त्यानंतर जनुकांच्या पातळीवर पुष्कळ शोध लागले. पण जनुक बिघडल्याने भ्रूणकोशात काय बदलले हे ओळखण्यासाठी तो मुळात कसा असतो हे आधी माहीत असावे लागते. दिल्ली विद्यापीठातील महेश्वरी यांच्याच विभागात १९६४ साली परागकोशाच्या संवर्धनातून, म्हणजे परागकणांपासून, रोपटी वाढवण्याचा शोध लागला. पुढे पिकांच्या सुधारणेत त्याचा जगभर उपयोग झाला. वर्णनाचा कंटाळा न करणाऱ्या परंपरेतूनच हा शोध निघाला, ही गोष्ट 'जुने वर्णनात्मक जीवशास्त्र आता संपले' असे म्हणणाऱ्यांनी विसरू नये.

तथापि जुन्या पुस्तकातील जे खरे आहे तेवढेच मोलाचे, असे मानणे अपुरे ठरेल. त्यातील चुकांनाही किंमत आहे. माणसाच्या पेशीत गुणसूत्रे किती? थिओफिलस पेंटर यांनी आरंभी ४६ की ४८ अशी शंका बोलून दाखवली होती. १९२३ साली त्यांनी ४८ हा आकडा ठरवला. पुढे ३३ वर्षे पाठ्यपुस्तके ४८ हेच सांगत राहिली. १९५६ साली जो हिन त्यो आणि आल्बर्ट लेव्हान यांनी सुधारलेल्या पद्धतीने पेशी पसरवून मोजणी केली आणि ती ४६ भरली. मधल्या काळात सूक्ष्मदर्शकातून पाहणारे पुष्कळ होते, परंतु किती दिसले पाहिजेत हे त्यांना आधीच सांगितले गेले होते. नव्या पुस्तकात केवळ '४६' असते आणि ते बरोबरही आहे. मात्र १९४० च्या सुमाराचे पुस्तक शेजारी ठेवले तर विद्यार्थ्याला जे कळते ते कोणत्याही व्याख्यानाने कळणार नाही: छापील आकडा आत्मविश्वासाने सांगितलेला असला तरी चुकीचा असू शकतो, आणि आज हातात असलेल्या पुस्तकातही असे काही असेल. अधिकाराच्या नावाखाली सांगितलेले तपासून पाहण्याची बुद्धी याहून वेगळी नसते.

उलट बाजूचे उदाहरणही तितकेच बोलके आहे. अमेरिकन पेशीशास्त्रज्ञ ई. बी. विल्सन यांच्या पेशीवरील ग्रंथाची पहिली आवृत्ती १८९६ ची, तर पुष्कळ वाढवलेली तिसरी आवृत्ती १९२५ ची. पेशीतील काही घटक मुळात स्वतंत्र जिवाणू असावेत आणि ते पेशीत वस्तीला आले असावेत, ही कल्पना त्या काळी हास्यास्पद गणली जाई. विल्सन यांनी ती मान्य केली नाही. पण वगळलीही नाही. सभ्य शास्त्रज्ञांच्या मंडळीत ती बोलणे आज अद्भुत वाटेल, तरी कधी काळी तिचा गंभीर विचार करावा लागणे अशक्य नाही, अशा आशयाची नोंद त्यांनी करून ठेवली. १९६७ साली लिन मार्ग्युलिस यांनी हाच विचार नव्या पुराव्यानिशी मांडला, आणि तंतुकणिका व हरितलवके यांचा उगम जिवाणूंपासून झाला हे आज सर्वमान्य आहे. आजचे पाठ्यपुस्तक हा निष्कर्ष एका परिच्छेदात सांगून मोकळे होते. न पटलेल्या विचारालाही ग्रंथात जागा ठेवावी, हे बौद्धिक सौजन्य मात्र १९२५ च्या आवृत्तीतच पाहावयास मिळते.

येथवरचा विचार विज्ञानाच्या अंतर्गत झाला. पण पाठ्यपुस्तक हे सत्तेच्याही हाती असते. जॉर्ज विल्यम हंटर यांचे नागरी जीवशास्त्राचे पुस्तक १९१४ चे. उत्क्रांती शिकवल्याबद्दल अमेरिकेतील टेनेसी राज्यात १९२५ साली एका शिक्षकावर खटला झाला, तो याच पुस्तकावरून. ज्ञानाच्या बाजूचे पुस्तक म्हणून ते प्रसिद्ध झाले. परंतु त्याच पुस्तकात मानववंशांची उच्चनीच उतरंड आहे, गोऱ्यांना सर्वांत वर बसवले आहे आणि गरीब, पिडलेल्या कुटुंबांना समाजावरचे बांडगूळ ठरवणारे सुप्रजननशास्त्रही आहे. अन्यायाला विज्ञानाची भाषा किती सहज मिळते हे दाखवणारा याहून चांगला पुरावा कोठे मिळेल? ज्या देशात जातीची उतरंड रक्ताच्या शुद्धतेच्या गोष्टी सांगत आली, त्या देशातील जीवशास्त्राच्या विद्यार्थ्याने ही पाने अवश्य वाचावयास हवीत.

समाजवादाचे नाव घेणाऱ्यांनी तर १९४८ हे वर्ष विसरताच कामा नये. त्या वर्षी ऑगस्टमध्ये सोव्हिएत कृषिविज्ञान अकादमीच्या अधिवेशनात लायसेन्को यांचे मत हेच अधिकृत जीवशास्त्र ठरले. आनुवंशिकतेचे प्राध्यापक पदांवरून काढले गेले आणि त्या शास्त्राची पुस्तके ग्रंथालयांतून हटवण्यात आली. पिकांच्या जगभरच्या बियाण्यांचा संग्रह करणारे निकोलाय वाविलॉव्ह त्याआधीच, १९४३ साली, तुरुंगात मृत्यू पावले होते. श्रमिकांच्या नावाने चाललेल्या राज्याने श्रमिकांच्या अन्नाचे शास्त्रच दडपले, आणि ते पुन्हा उभे राहण्यास १९६४ नंतरचा काळ उजाडावा लागला. पुस्तके हटवण्याची ही घाई का झाली? जुने पुस्तक कपाटात असेपर्यंत नव्या फर्मानाला साक्षीदार उरतो, म्हणून.

हे दूरच्या देशाचे म्हणून सोडून देण्यासारखे नाही. २०२३ साली राष्ट्रीय शैक्षणिक संशोधन व प्रशिक्षण परिषदेच्या दहावीच्या नव्या पुस्तकातून उत्क्रांतीचा भाग गेला. 'आनुवंशिकता आणि उत्क्रांती' या प्रकरणाचे नाव नुसते 'आनुवंशिकता' राहिले. अभ्यासाचा भार कमी करणे हे कारण देण्यात आले. अठराशेहून अधिक शास्त्रज्ञ, शिक्षक आणि नागरिकांनी पत्र लिहून याचा निषेध केला. बारावीच्या जीवशास्त्रात तो विषय राहिला, पण दहावीनंतर विज्ञान न घेणाऱ्या बहुसंख्य मुलांना तो तेथे भेटणारच नाही. अशी मुले मोठी होतील, तेव्हा काय वगळले गेले हे त्यांना कशावरून कळणार? आधीच्या आवृत्तीवरून. प्रत्येक नवी आवृत्ती आधीच्या आवृत्तीहून श्रेष्ठच असते ही समजूत किती भाबडी आहे हे येथे दिसून येते.

आता एका धोक्याविषयी स्पष्ट बोलणे आवश्यक आहे. जुन्या पुस्तकांची थोरवी ऐकून संस्थाचालक आनंदाने म्हणतील, 'मग नवी घ्यावयास कशाला हवीत?' परदेशी प्रकाशकांच्या जीवशास्त्राच्या मोठ्या ग्रंथाची किंमत हजारो रुपयांत जाते. शेतमजुराच्या किंवा गिरणीतून बाहेर फेकल्या गेलेल्या कामगाराच्या मुलीला ती परवडत नाही. एके काळी ब्रिटिश सरकारच्या साहाय्याने निघणाऱ्या ईएलबीएसच्या स्वस्त आवृत्त्या आणि मॉस्कोच्या मीर प्रकाशनाची विज्ञानाची पुस्तके सामान्य विद्यार्थ्याच्या आवाक्यात होती. ते दोन्ही मार्ग बंद होऊन काळ लोटला. २०१६ साली दिल्ली उच्च न्यायालयाने अध्यापनासाठी पुस्तकांतील भागांच्या छायाप्रती काढणे हा स्वामित्वहक्काचा भंग नव्हे असा निर्णय दिला, हा त्यातल्या त्यात दिलासा. अशा वेळी श्रीमंताच्या मुलाला नवे पुस्तक आणि गरिबाच्या मुलाला जुने, अशी वाटणी झाली तर ती अस्पृश्यतेचीच नवी तऱ्हा होईल. जुने पुस्तक सर्वांना हवे, आणि नवेही सर्वांना हवे. पैकी एक देऊन दुसरे नाकारणे हा सौदा मान्य होता कामा नये.

मग करावयाचे काय? त्यासाठी फार मोठ्या खर्चाची गरज नाही. निर्लेखनाच्या यादीवर केवळ लेखनिकाची आणि प्राचार्यांची सही पुरेशी मानू नये; त्या विषयाच्या शिक्षकाने प्रत्येक पुस्तक हातात घेऊन पाहिले पाहिजे. एकाच पुस्तकाच्या दहा प्रती असतील तर नऊ खुशाल जाव्यात, परंतु प्रत्येक आवृत्तीची एक प्रत निदान जिल्ह्यातील एका ग्रंथालयात राहील अशी व्यवस्था विद्यापीठांनी करावी. लेखकाच्या मृत्यूनंतर साठ वर्षांनी स्वामित्वहक्क संपतो. कुक किंवा विल्सन यांच्यासारख्यांचे ग्रंथ त्या बंधनातून केव्हाच मुक्त झाले आहेत. अशा ग्रंथांची संगणकीय प्रत करून ती ग्रामीण महाविद्यालयांना विनामूल्य देणे विद्यापीठांना अशक्य नाही. आणि सर्वांत महत्त्वाचे म्हणजे, पदवीच्या प्रत्येक वर्षी एक तरी विषय असा असावा की ज्यात विद्यार्थी जुन्या व नव्या पुस्तकातील तेच प्रकरण शेजारी ठेवून वाचतील, आणि काय टिकले, काय बदलले, काय गळाले, कशामुळे, हे स्वतःच्या शब्दांत लिहितील. गाईडमधून या प्रश्नाचे उत्तर मिळणार नाही, हाच त्याचा मोठा फायदा.

ग्रंथालय ही वाढती, सजीव वस्तू आहे असे डॉ. रंगनाथन यांनी १९३१ सालीच सांगून ठेवले. सजीव वस्तू काही गोष्टी टाकून देते हे खरे. पण काय टाकावे आणि काय राखावे हे ती निवडते. फेरेटिमाचे साधे गांडूळदेखील उत्सर्ग आतड्यात वळवून त्यातले पाणी राखून ठेवते. आपल्या विद्यापीठांनी एवढा तरी विवेक दाखवावा, आणि येत्या निर्लेखनाच्या यादीवर सही करण्यापूर्वी ती एकदा जीवशास्त्राच्या शिक्षकांपुढे व विद्यार्थ्यांपुढे ठेवावी.